वंशाचा हिशेब आणि लेकींचे आरोग्य

'वंश' हा शब्द आम्हां बेने इस्राएल लोकांच्या कानाला फारसा गोड लागत नाही, आणि त्याला कारणही तसेच आहे. कोकणात असताना आमच्यातच 'गोरे' आणि 'काळे' असा भेद पाळला जाई. कोणाच्या घरात कोणती आजी कोठून आली, याची कुजबूज पिढ्यान्‌पिढ्या चाले. पुढे इस्राएलला आलो, तर १९६२ साली विवाहाच्या वेळी आमच्या माणसांच्या आईच्या व आजीच्या कुळाची चौकशी करावी, असा आदेश धर्माधिकाऱ्यांकडून निघाला. १९६४ साली आमच्या लोकांनी जेरुसलेममध्ये ठिय्या दिला, बेने इस्राएल हे सर्वार्थाने यहुदी आहेत असे सरकारने जाहीर केले, तेव्हा कोठे ते वादळ शमले. त्यामुळे कोणी कुळाचा वा रक्ताचा विषय काढला की, आमची वडीलधारी मंडळी आजही गप्प होतात, किंवा बोलणे दुसरीकडे वळवितात.

परंतु अलीकडे हाच विषय एका निराळ्या वाटेने आमच्या घरांत येऊ लागला आहे. ती वाट वैद्यकशास्त्राची आहे. येथे कुळ विचारतात ते कोणाला पंक्तीबाहेर ठेवण्यासाठी नव्हे, तर कोणत्या स्त्रीला स्तनाच्या कर्करोगाचा धोका किती हे ताडण्यासाठी. वंशावरून असा धोका खरोखर कळतो काय, कळत असेल तर कितपत, आणि आपण त्यातून काय घ्यावे, याविषयी चार शब्द लिहावेत असे बरेच दिवस मनात होते.

आमचाच अनुभव सांगतो. काही वर्षांपूर्वी कुपत होलिमच्या दवाखान्यात आमच्यापुढे एक कागद आला. त्यात आजी-आजोबा मिळून चौघांचे मूळ कोठले, असे चार रकाने होते. आम्ही चारही रकान्यांत 'होदू' असे लिहिले. परिचारिकेने सौजन्याने समजावून सांगितले की, २०२० सालापासून सरकारी आरोग्य-योजनेत एक जनुकीय चाचणी विनामूल्य मिळते, परंतु निरोगी स्त्रियांपैकी ती अश्केनाझी वंशाच्या स्त्रियांसाठी आहे. इतरांच्या घराण्यात हा आजार झालेला असेल, तर त्यांना आधी जनुक-सल्लागाराकडे पाठविले जाते. मग तिने विचारले, "तुमच्या घराण्यात कोणाला झाला होता काय?"

हा प्रश्न वरवर साधा आहे. पण आमच्या पिढीच्या माणसाला तो सोपा नाही. आमची एक आत्या भायखळ्याच्या चाळीत राहत असे. १९६८ साली ती वारली, तेव्हा तिने चाळिशीही गाठली नव्हती. आम्हां मुलांना एवढेच सांगण्यात आले की, तिच्या छातीत दुखत असे. तिने गाठ कित्येक महिने पदराआड झाकून ठेवली होती, हे आम्हांला पुष्कळ वर्षांनी, तेही एका लग्नघरी बायकांच्या बोलण्यातून कळले. त्या काळी त्या रोगाचे नाव घरात घेत नसत. नाव घेतले तर मुलींची लग्ने अडतील, ही भीती. त्या भीतीपोटी आत्येचा रोग तिच्याबरोबरच पुरला गेला, आणि तिच्या लेकींना व भाच्यांना जी माहिती उपयोगी पडली असती, तीही पुरली गेली.

आम्ही ती हकिकत सांगितली आणि आमची सल्लागाराकडे रवानगी झाली. तेथील डॉक्टरीणबाईंनी कागदावर आमचा कुटुंबवृक्ष काढला. त्या हिब्रूत पुन्हा पुन्हा विचारीत, "कोणती दोदा? आईची बहीण की वडिलांची? की काकांची बायको?" हिब्रूत 'दोदा' या एका शब्दात आत्या, मावशी, काकू आणि मामी अशा चौघीही मावतात. आम्हांला त्या दिवशी आपल्या मराठीचे मोठे कौतुक वाटले. आत्या म्हटली की वडिलांचे रक्त, मावशी म्हटली की आईचे. काकू आणि मामी या मायेच्या खऱ्या, पण रक्ताच्या नव्हेत. जे डॉक्टरांना चार प्रश्न विचारून काढावे लागते, ते आपल्या भाषेने एकेका शब्दात बांधून ठेवले आहे.

रक्त तपासले. दोष आढळला नाही. तथापि डॉक्टरीणबाईंनी बजावले की, आत्येचे रक्त कोणी कधी तपासलेले नाही, तेव्हा तिच्या रोगाचे कारण अज्ञातच राहणार. म्हणून केवळ या निकालावर निर्धास्त होऊ नये आणि नियमित तपासणी सोडू नये.

हे सारे आम्ही कॅलिफोर्नियात राहणाऱ्या आमच्या भाचीला दूरध्वनीवर सांगितले. ती तेथील एका इस्पितळात परिचारिका आहे आणि तिच्याकडे येणाऱ्या बहुतेक स्त्रिया मेक्सिको आणि मध्य अमेरिकेतून आलेल्या असतात. ती म्हणाली, "मामी, तुमच्या त्या चार रकान्यांचा गोंधळ इथे रोजचाच आहे. या बायका कागदावर 'लॅटिना' लिहितात. पण त्या एका शब्दात तीन खंड असतात. त्यांच्यावर झालेले संशोधन तुम्ही वाचाच." आम्ही ते मिळवून वाचले. जे कळले, ते वाचकांपुढे ठेवतो.

लॅटिना म्हणजे स्पॅनिश वा पोर्तुगीज भाषेच्या अमेरिकेतून आलेल्या वा तेथील मूळ असलेल्या स्त्रिया. १४९२ नंतर त्या भूमीवर युरोपातून स्पॅनिश लोक आले, आफ्रिकेतून गुलाम म्हणून माणसे आणली गेली, आणि तेथील मूळ रहिवासी तर हजारो वर्षांपासून होतेच. या तिन्हींचे मिश्रण होऊन आजचा समाज घडला. मात्र हे मिश्रण सर्वत्र सारखे नाही. पेरूच्या डोंगराळ भागात मूळ रहिवाशांचे रक्त अधिक, अर्जेंटिनात युरोपचे अधिक, तर प्वेर्तो रिकोसारख्या बेटांवर आफ्रिकेचा वाटा मोठा. एकाच आईच्या पोटच्या दोन बहिणींतही हा वाटा अगदी नेमका सारखा नसतो.

अमेरिकेच्या संयुक्त संस्थानांत असे दिसून आले होते की, युरोपीय वंशाच्या गोऱ्या स्त्रियांच्या मानाने लॅटिना स्त्रियांना स्तनाचा कर्करोग कमी प्रमाणात होतो. हे राहणीमुळे की रक्तामुळे, असा प्रश्न होता. लॅटिना स्त्रियांना, विशेषतः परदेशात जन्मून स्थलांतर केलेल्यांना, मुले अधिक आणि लवकर होत. त्या बाळाला अंगावर अधिक काळ पाजीत. या गोष्टी स्तनाचा धोका कमी करतात, हे सिद्ध झालेले आहे. मग वंशाचा वेगळा असा काही भाग उरतो काय?

सॅन फ्रान्सिस्को येथील कॅलिफोर्निया विद्यापीठातील डॉ. लॉरा फेजरमन, डॉ. एलाद झिव आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी २००८ साली या प्रश्नाचे उत्तर प्रसिद्ध केले. त्यांनी सॅन फ्रान्सिस्को उपसागराच्या परिसरातील कर्करोग झालेल्या ४४० आणि न झालेल्या ५९७ लॅटिना स्त्रिया घेतल्या. प्रत्येकीच्या जनुकद्रव्यातील १०६ खुणा तपासल्या. या खुणा अशा निवडलेल्या होत्या की, त्या एका खंडातील लोकांत पुष्कळ आढळतात आणि दुसऱ्या खंडात थोड्या. माणसाच्या एका शब्दावरून तो अलिबागचा की पुण्याचा हे सांगता येत नाही. पण पुष्कळ शब्द ऐकले म्हणजे सांगता येते. हेही तसेच आहे. शंभर-सव्वाशे खुणा एकत्र पाहिल्या की, कोणाच्या रक्तात कोणत्या खंडाचा वाटा किती, याचा अंदाज बांधता येतो.

निष्कर्ष असा निघाला की, युरोपीय वंशाचा वाटा दर २५ टक्क्यांनी वाढला की रोगाची शक्यता सुमारे १.७९ पट होते. नंतर त्यांनी जन्मस्थान, मुलांची संख्या इत्यादी ज्ञात कारणे हिशेबातून वजा केली. तेव्हा हा आकडा १.३९ वर आला. यात दोन्ही पक्षांचे खरे ठरते. वंशाच्या नावावर जी रक्कम खर्ची पडली होती, तिचा मोठा भाग प्रत्यक्षात राहणीच्या खात्यातील निघाला. परंतु सगळी रक्कम काही तेथे वळती झाली नाही. २०१० साली खुद्द मेक्सिकोतील स्त्रियांवर झालेल्या अभ्यासातही युरोपीय वाट्याबरोबर धोका वाढतो, असेच दिसले.

मग रक्तातील ती नेमकी गोष्ट कोणती? २०१४ साली याच मंडळींनी ३,१४० रुग्ण आणि ८,१८४ निरोगी लॅटिना स्त्रियांची तुलना करून सहाव्या गुणसूत्रावरील एक स्थान दाखवून दिले. स्त्रीसंप्रेरक इस्ट्रोजेनचा संदेश पेशीत पोहोचविणारे जे जनुक आहे, त्याच्या शेजारी हे स्थान आहे. तेथील एक विशिष्ट बदल अमेरिकेच्या मूळ रहिवाशांकडून आलेला आहे. ज्या स्त्रीला तो आई वा वडील यांपैकी एकाकडून मिळाला, तिचा धोका सुमारे ४० टक्क्यांनी कमी. दोघांकडूनही मिळाला, तर सुमारे ८० टक्क्यांनी कमी. लॅटिना स्त्रियांपैकी साधारण पाचांत एकीजवळ त्याची एक प्रत असते. दोन प्रती असणारी शंभरांत एखादीच.

येथे क्षणभर थांबून विचार करण्यासारखे आहे. शतकानुशतके ज्या मूळ रहिवाशांना हीन लेखले गेले, ज्यांचे रक्त आपल्यात आहे हे सांगावयास लोक लाजत, त्यांच्याकडून लेकींना मिळालेला हा वारसा आहे. आमच्यातील 'गोरे-काळे' भेद ज्यांनी ऐकला आहे, त्यांना याचा अर्थ अधिक समजावून सांगण्याची गरज नाही.

परंतु या वारशावर विसंबून राहणेही धोक्याचे आहे. अमेरिकेतील लॅटिना स्त्रियांना हा रोग कमी होतो हे खरे. तरी कर्करोगाने त्यांच्यात जे मृत्यू होतात, त्यांत स्तनाच्या कर्करोगाचाच क्रमांक पहिला लागतो. त्यांचा रोग पुष्कळदा उशिरा ध्यानात येतो. विमा नसणे, भाषेची अडचण, कामावरून रजा न मिळणे आणि लाज, ही कारणे आमच्या भाचीने रोज पाहिलेली आहेत. शिवाय सर्वच बाबतींत मूळ रहिवाशांचे रक्त तारक ठरते, असेही नाही. पेरूमधील रुग्णांच्या २०२० साली प्रसिद्ध झालेल्या अभ्यासात दिसले की, हा वाटा जितका अधिक, तितके 'हर-टू' नावाच्या जोमाने वाढणाऱ्या गाठींचे प्रमाण अधिक. म्हणजे वंश एका हाताने देतो आणि दुसऱ्या हाताने काढूनही घेऊ शकतो.

आता याच कथेचा जो भाग आम्हां यहुदी वाचकांना विशेष चकित करील, तो सांगतो. कोलोरॅडो संस्थानाच्या दक्षिणेस सॅन लुईस नावाचे खोरे आहे. १८५१ पासून न्यू मेक्सिकोकडील स्पॅनिश भाषिक लोक तेथे येऊन राहिले. ही मंडळी कॅथलिक, आणि आपले मूळ स्पॅनिश व मूळ रहिवासी असे मानणारी. या खोऱ्यातील काही घराण्यांत तरुण स्त्रियांना स्तनाचा व बीजकोशाचा कर्करोग होत असे. तपासणीत त्यांच्या 'बीआरसीए-१' या जनुकात जो दोष सापडला, त्याचे शास्त्रीय नाव '१८५ डेल एजी'. अश्केनाझी समाजात साधारण शंभरांत एकाजवळ आढळणारा दोष तो हाच! २००३ साली ही माहिती प्रसिद्ध झाली. लॉस एंजेलिसकडील लॅटिन कुटुंबांतही तोच दोष पुढे आढळला.

याचा उलगडा इतिहासात आहे. ज्या १४९२ साली कोलंबस निघाला, त्याच साली स्पेनच्या राजा-राणीने यहुद्यांना देशाबाहेर काढले. जे राहिले त्यांना धर्मांतर करावे लागले. त्यांच्यापैकी काहींचे वंशज नव्या जगात गेले. प्रार्थना विसरली, शब्बाथ विसरला, नावे बदलली. परंतु जनुकातील दोन अक्षरे गळाली होती, ती गळालेलीच राहिली. तोरा लिहिणाऱ्या सोफेराच्या हातून एक अक्षर सुटले तर गुंडाळी निषिद्ध होते, म्हणून तो प्रत्येक अक्षर तपासतो. शरीराच्या लिखाणात असा तपासनीस प्रत्येक वेळी सापडत नाही. एकदा सुटलेले अक्षर नकलेमागून नकलेत तसेच उतरते. हाच दोष इराकी यहुद्यांतही आढळतो. यावरून तो या सर्व शाखा विभक्त होण्यापूर्वीचा, फार जुना असावा, असे तज्ज्ञ मानतात.

ज्या स्त्रीजवळ 'बीआरसीए-१' मधील असा दोष असतो, तिला आयुष्यात स्तनाचा कर्करोग होण्याची शक्यता ६० ते ७० टक्क्यांच्या घरात जाते. अमेरिकेतील सर्वसाधारण स्त्रीच्या बाबतीत ती सुमारे १३ टक्के असते. हा दोष प्रत्येक अपत्याकडे, मग ते मुलगा असो वा मुलगी, जाण्याची शक्यता निम्मी असते. बापाकडून तो लेकीला तितकाच मिळतो, जितका आईकडून. जेरुसलेममध्ये डॉ. एफ्रात लेव्ही-लहाद आणि अमेरिकेच्या डॉ. मेरी-क्लेअर किंग यांनी आठ हजारांहून अधिक निरोगी अश्केनाझी पुरुष तपासून या दोषांचा माग काढला. २०१४ साली त्यांनी प्रसिद्ध केले की, दोष असलेल्या घराण्यांपैकी सुमारे निम्म्यांत आजाराचा असा इतिहासच नव्हता की ज्यावरून आधी कोणाला शंका यावी. घरात मुली थोड्या, दोष पुरुषांकडून आलेला, म्हणून तो दडून राहिला. विनामूल्य चाचणीची सोय झाली तिच्यामागे अशा अभ्यासांचे बळ आहे.

सॅन लुईसच्या स्त्रियांना कोणी विचारले असते, 'तुम्ही यहुदी काय?', तर त्या नाही म्हणाल्या असत्या, आणि ते त्यांच्या परीने खरेच होते. रकान्याने त्यांना वगळले असते. रोगाने वगळले नाही.

आता आमच्याकडे वळू. २०१६ साली यदाएल वाल्डमन आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी बेने इस्राएल समाजाच्या जनुकांचा अभ्यास प्रसिद्ध केला. तपासलेली माणसे १८ होती. त्यांच्यात मध्यपूर्वेतील यहुदी वंश आणि भारतीय वंश असे दोन्ही ठळकपणे आढळले, आणि हे मिश्रण सुमारे १९ ते ३३ पिढ्यांपूर्वीचे असावे, असा अंदाज निघाला. नवगावच्या किनाऱ्यावर फुटलेल्या तारवाची कथा आपण सर्वांनी आजीच्या तोंडून ऐकली आहे. शास्त्राने त्या कथेतील वर्षे वा सात जोडपी मोजलेली नाहीत. परंतु पश्चिमेकडून आलेले पूर्वज आणि कोकणची माती, या दोहोंची साक्ष आपल्या रक्तात आहे, एवढे त्याने सांगितले. तेव्हा लॅटिन भगिनींप्रमाणे आम्हीही मिश्र समाज आहोत. त्यात लाजण्यासारखे काही नाही आणि मिरविण्यासारखेही काही नाही.

मात्र त्यांच्या संशोधनातून एक धडा आपण अवश्य घ्यावा. समाजाचे नाव हे सरासरी सांगते. ते एकट्या बाईचे भविष्य सांगत नाही. 'हा अश्केनाझींचा रोग, आपला नव्हे' असे आमच्या पुष्कळ घरांत बोलले जाते. हे बोलणे चुकीचे आहे आणि घातकही आहे. ते तीन प्रसिद्ध दोष अश्केनाझींत अधिक आढळतात, हे खरे. पण या जनुकांत शेकडो निरनिराळे दोष असू शकतात आणि ते जगातील सर्व समाजांत आढळतात. शिवाय स्तनाचा कर्करोग झालेल्या बहुतेक स्त्रियांत असा कोणताच वारसा सापडत नाही. आमच्या लेकी येथे जन्मल्या, उशिरा लग्न करतात, थोडी मुले होऊ देतात. अमेरिकेत जन्मलेल्या लॅटिना स्त्रियांत हा रोग त्यांच्या स्थलांतर केलेल्या आयांपेक्षा अधिक आढळला आहे. हे उदाहरण आम्ही डोळ्यांआड करू नये.

म्हणून समाजातील भगिनींना आणि बंधूंनाही आमची विनंती आहे. एक कागद घ्यावा. आईकडील आणि वडिलांकडील, दोन्ही बाजूंची माणसे लिहावीत: आजी, आत्या, मावश्या, त्यांच्या लेकी. कोणाला कर्करोग झाला, कोणत्या अवयवाचा, कोणत्या वयात, हे विचारून नोंदवावे. बीजकोशाचा कर्करोग आणि पुरुषाच्या स्तनाचा कर्करोगही लिहावा, कारण या जनुकांशी त्यांचाही संबंध असतो. पन्नाशीच्या आत कोणाला झाला असेल, तर तो कागद घेऊन डॉक्टरांकडे जावे व जनुक-सल्लागाराची चिठ्ठी मागावी. कागदावर काहीच निघाले नाही, तरी ठरलेल्या वयानंतर मॅमोग्राफी चुकवू नये, आणि गाठ लागली तर ती एक दिवसही झाकून ठेवू नये.

या कामी वडीलधाऱ्या बायकांचा उपयोग सर्वांत मोठा आहे. कोणाची कोण, कोणत्या गावची, कशाने गेली, हे त्यांना तोंडपाठ असते. नातींना वाटते आजी जुन्या गोष्टी सांगते. पण या जुन्या गोष्टींतच त्यांच्या कामाची माहिती आहे. ज्या आजींनी लाजेपायी वा भीतीपायी आजवर ते नाव उच्चारले नाही, त्यांनी ते आता उच्चारावे. मुलींची लग्ने त्यामुळे अडणार नाहीत, आणि कदाचित एखादीचा प्राण वाचेल.